दोनशे चाळीस चौकोन

स्वतःच्या घराच्या जमिनीवर पाय ठेवला, की माणसाचा कणा आपोआप ताठ होतो.

हे वाक्य प्रसेनजीतनं गृहप्रवेशाच्या दिवशी, बुद्धवंदना झाल्यावर, सव्वाशे माणसांपुढं म्हटलं. कोरोनाचं वर्ष होतं, पन्नास माणसांनाच परवानगी होती, म्हणून सव्वाशे आली होती. घर कोल्हापुरात, राजारामपुरीत, चौथ्या मजल्यावर. पायाखाली जमीन नव्हती. तिसऱ्या मजल्यावरच्या दातांच्या डॉक्टरांचं छत होतं. कणे मात्र ताठ होते, कारण खुर्च्या तीसच आणल्या होत्या.

त्या सगळ्या गर्दीत एकच माणूस वाकलेला होता. प्रसेनजीतचे वडील, भाऊसो. ते बाल्कनीच्या सरकत्या दाराशी गुडघे टेकून, दार नक्की कशावर सरकतंय ते बघत होते.

भाऊसो इचलकरंजीत एक्केचाळीस वर्षं जॉबर. जॉबर म्हणजे यंत्रमागांचा डॉक्टर. फरक एवढाच, की रोगी चालायला लागल्याशिवाय त्याला पैसे मिळत नाहीत. त्यामुळं कुठलीही वस्तू उघडून आत काय आहे हे बघितल्याशिवाय भाऊसोंचा तिच्यावर विश्वास बसत नसे. स्वतःच्या लग्नात मिळालेलं घड्याळ त्यांनी मांडवातच उघडलं होतं. घड्याळ पुन्हा चालू झालं. सासऱ्यांचं बोलणं चालू व्हायला मात्र वर्ष गेलं.

मुलाच्या घरात एकच वस्तू अशी होती जी त्यांना उघडता आली नाही. ती म्हणजे गृहकर्ज. त्याला स्क्रूच नव्हते.

"किती हप्तं हायेत?" त्यांनी त्या दिवशी जेवताना विचारलं होतं.

"दोनशे चाळीस. वीस वर्षं."

"आणि हप्ता?"

"तेवीस हजार दोनशे एकोणसाठ."

भाऊसोंनी मान डोलावली. हे त्यांना समजण्यासारखं होतं. मागाच्या कारखान्यात त्यांनी वीस जणांची भिशी बावीस वर्षं चालवली होती आणि भिशीचा कायदा सरळ असतो. वीस जण, वीस महिने. कुणी पहिल्याच महिन्यात रक्कम उचलली, तरी त्यानं पुढं गप गुमान भरत राहायचं. भरला तो भरला, राहिला तो राहिला. वीसातनं आठ गेले की बारा राहतात, आणि हे बारा कुणाच्या बापाला तेरा करता येत नाहीत. घराचं कर्ज म्हणजे दोनशे चाळीस महिन्यांची, एका माणसाची भिशी, असं त्यांनी मनात धरलं.

इचलकरंजीला परतल्यावर त्यांनी मीटरभर कोरं कापड फाडलं आणि त्यावर मापाच्या पट्टीनं चौकोन आखले. आडवे बारा, उभे वीस. एक ओळ म्हणजे एक वर्ष. कापड घरात भिंतीला टांगलं. दर महिन्याच्या पाच तारखेला प्रसेनजीतचा फोन यायचा, "आबा, गेला बघा," आणि भाऊसो निळ्या पेन्सिलीनं एक चौकोन भरायचे.

"लोकं भिंतीला कॅलेंडर लावत्यात," त्यांची बायको तानूबाई आल्यागेल्याला सांगायची, "आमच्यात हप्ता लावलाय."

प्रसेनजीत कनिष्ठ महाविद्यालयात कॉमर्सच्या मुलांना बँकिंग शिकवायचा. मुदल आणि व्याज या प्रकरणावर त्याची चांगली पकड होती. विद्यार्थी दूरदूरच्या क्लासमधून त्याच्या नोट्स मागवून घेत. स्वतःच्या कर्जाचं स्टेटमेंट त्यानं कधी उघडलं नव्हतं. डॉक्टर स्वतःची नाडी बघत नाहीत, असं तो म्हणे. खालचे दातांचे डॉक्टर दोन वेळा ब्रश करतात, हे त्याच्या लक्षात आलं नव्हतं.

मध्ये दोन वर्षांपूर्वी त्यानं मोठ्या आनंदानं फोन केला होता.

"आबा, व्याजाचे दर वाढलेत. सातचे नऊ झाले. पण आपला हप्ता वाढला न्हाय!"

"त्यो कसा काय?"

"बँकेनं फॉर्म पाठवलता. दोन चौकोन होते. एकात हप्ता वाढवा, दुसऱ्यात हप्ता तेवढाच ठेवा. मी दुसऱ्यावर टिक केली."

"शाणा हाईस," भाऊसो म्हणाले आणि त्या खुशीत भिशीच्या सगळ्यांना त्यांनी चहा पाजला. वीस चहा.

यंदाच्या फेब्रुवारीत कारखान्याच्या मालकानं शेड विकली. तिथं भाऊसोंचे स्वतःचे चार साधे माग भाड्याच्या जागेत होते. नव्या यंत्रांपुढं ते कुणाला नको होते, म्हणून ते किलोवर गेले. भंगारवाल्यानं मागाला हात लावायच्या आधी भाऊसोंनी चारही मागांना तेल दिलं. "आता कशाला?" त्यानं विचारलं. "वजन वाढतंय," भाऊसो म्हणाले.

मागांचे पैसे, शेडचं परत आलेलं डिपॉझिट आणि पोस्टात ठेवलेली पुंजी, सगळं मिळून सहा लाख रुपये खात्यात जमले. एक्केचाळीस वर्षांची ही बेरीज होती. यापुढं तिच्यात भर पडणार नव्हती.

तानूबाईनं आपलं मत एका वाक्यात दिलं. "माझ्या गुडघ्याच्या ऑपरेशनला दीड लाख ठेवायचं; बाकीचं पोराला द्या न्हायतर पंचगंगेत सोडा."

भाऊसोंनी चेकबुक घेतलं, भिंतीवरचं कापड काढून गुंडाळलं, सदऱ्याच्या खिशात निळी पेन्सिल लावली आणि सकाळच्या एस.टी.नं कोल्हापूर गाठलं.

घरी सून संघप्रियानं दार उघडलं. ती एका दवाखान्यात नर्स होती आणि त्या दिवशी तिची दुपारची पाळी होती. सासऱ्यांना ती मामा म्हणत असे.

"मामा, फोन तरी करायचा की. पोहे टाकू?"

"टाक. आधी ह्ये बघा दोघं."

त्यांनी कापड सोफ्यावर पसरलं. चार ओळी भरलेल्या, पाचवीत चार चौकोन निळे. बावन्न.

"ऱ्हायलं एकशे अठ्ठ्याऐंशी," भाऊसो म्हणाले. "माझ्याजवळ साडेचार लाख हायेत. त्येच्यात किती चौकोन भरत्यात, ते आधी मास्तरनं सांगायचं."

प्रसेनजीतनं मोबाईलवर भागाकार केला. "एकोणीस. वर थोडे सुटे."

"एवढंच?"

"एवढंच की. आबा, मी काय म्हणतो..." प्रसेनजीतनं घसा साफ केला. तो काय म्हणणार हे संघप्रियाला ठाऊक होतं, कारण शोरूममधल्या पांढऱ्या गाडीचा फोटो तीन आठवडे त्याच्या मोबाईलवर बुद्धाच्या फोटोच्या जागी होता. "एकोणीस हप्त्यांनी घराला काय फरक पडणार? वीस वर्षांतलं दीड वर्ष. त्यापेक्षा साडेचार लाख गाडीला भरू. आईला गुडघ्यासाठी दवाखान्यात न्यायला-आणायला बरी."

"रिक्षा बंद पडल्यात व्हय कोल्हापुरातल्या?" संघप्रिया आतून म्हणाली.

एकोणीस हा आकडा भाऊसोंना पटत होता, पण आवडत नव्हता. चार माग, तेलासकट, आणि एकोणीस चौकोन. त्यांनी कापडावरची एक सुरकुती तळहातानं सरळ केली.

"बँकेत तेवढंच दावतंय न्हवं?" त्यांनी शेवटी विचारलं.

"म्हंजे?"

"आपल्यात एकशे अठ्ठ्याऐंशी. त्यांच्यात किती?"

"तेवढंच असणार की! ॲपवर सगळं दिसतंय." प्रसेनजीतनं ॲप उघडलं. ॲपनं पासवर्ड मागितला. त्यानं तीन पासवर्ड दिले. तिसऱ्यानंतर ॲपनं सुरक्षेच्या कारणास्तव त्यालाच बंद केलं.

"चला, शाहूपुरीत जाऊन येऊ," भाऊसो उठले. "मेस्त्रीला विचारल्याशिवाय मशिनीचं कळत न्हाय."

रिक्षानं तिघं शाहूपुरीतल्या शाखेत गेले. कर्जाच्या टेबलावर तिशीची एक मुलगी होती. प्रसेनजीतला बघून ती ताडकन उभी राहिली.

"सर! मी दीप्ती. कॉमर्सची, तुमच्या दुसऱ्या बॅचची."

"अरे वा! दीप्ती!" प्रसेनजीत म्हणाला, आणि खुर्चीत बसताना त्याचा कणा गृहप्रवेशापेक्षाही ताठ झाला. त्याला पुढची वीस मिनिटं माहीत नव्हती.

भाऊसोंनी तिच्या टेबलावर कापड पसरलं. कीबोर्ड, स्टेपलर आणि 'कृपया रांगेत थांबा' ही पाटी त्याखाली गेली.

"मॅडम, ह्यो आमचा हिशेब. ह्ये भरल्यालं बावन्न. ह्ये ऱ्हायल्यालं एकशे अठ्ठ्याऐंशी. तुमच्या मशिनीत बी तेवढंच हायेत का, एवढंच बघाया आलोय."

दीप्तीनं कापड बघितलं. मग कापडाचा कोपरा उचलून कीबोर्ड शोधला, खातं उघडलं आणि स्क्रीन बघितला. मग तिनं आपल्या सरांकडं बघितलं.

"सर, तुम्ही स्टेटमेंट बघता ना?"

"बघतो की," प्रसेनजीत म्हणाला. अभ्यास झालाय का विचारल्यावर त्याचे विद्यार्थी ज्या आवाजात हो म्हणत, तोच आवाज होता.

"काका, बावन्न बरोबर आहेत."

"झालं तर. आणि ऱ्हायल्यालं?"

"तीनशे दहा."

पलीकडच्या काउंटरवर नोटा मोजायचं यंत्र फडफडलं आणि थांबलं.

"दोनशे चाळीसातनं बावन्न गेलं," भाऊसो सावकाश म्हणाले, "तर ऱ्हायलं तीनशे दहा." त्यांच्या आवाजात राग नव्हता. अडुसष्टाव्या वर्षी एखादं न बघितलेलं यंत्र समोर यावं, तसा चेहरा झाला होता. त्यांनी खुर्ची पुढं ओढली. "पोरी, ह्ये खोलून दाव बघू."

मॅडमची पोरी झाल्यावर दीप्तीही मोकळी झाली. तिनं एक कोरा कागद घेतला.

"काका, तुमचा हप्ता सगळा कर्जात जात नाही. आधी त्या महिन्याचं व्याज कापलं जातं. उरेल तेवढंच मुदलात जमा होतं. पहिल्या महिन्यात तीस लाखांवर सात टक्क्यांनी व्याज साडेसतरा हजार. म्हणून तेवीस हजार दोनशे एकोणसाठमधले पाच हजार सातशे एकोणसाठ मुदलात गेले."

"तेवढंच? बरं. फुडं?"

"पुढं दर महिन्याला हे थोडं थोडं वाढत गेलं. दोन वर्षांत सहा हजार सहाशेपर्यंत आलं. मग दर नऊ टक्के झाला. हप्ता वाढला नाही, पण व्याज वाढलं. त्यामुळं मुदलात जायला उरले अठराशे अडुसष्ट."

"सहा हजाराचं अठराशे?"

"हो. आता हळूहळू वाढून ते दोन हजार तीनशे तीनवर आलंय. उरलेले वीस हजार नऊशे छप्पन्न व्याज."

भाऊसोंनी कागद स्वतःकडं वळवला. दोन आकड्यांवर बोट ठेवलं. मग त्यांनी असं काही केलं, ज्याची बँकेत पद्धत नाही. डोळे मिटले आणि कान दिला. मागाचा रोग ते असाच ओळखत.

"कळलं," ते म्हणाले. "पोरी, मागाला फुडच्या बाजूला एक दातेरी चाक असतंय. विणल्यालं कापड त्ये वढून घेतंय, दातागणिक. त्या चाकाचा दाता झिजला, की काय हुतंय म्हाईत हाय? माग चालूच ऱ्हातो. आडवं सूत घिऊन धोटा पळतोय, आवाज तेवढाच, लाईटबिल तेवढंच, कामगाराला वाटतंय काम झ्याक चाललंय. पर कापड फुडं सरकत न्हाय. संध्याकाळी बघावं तर टीचभर."

"अगदी तसंच, काका."

"म्हंजे गेली दोन वर्सं पोरगं मला दर पाच तारखेला फोन करून आवाज ऐकवत हुतं."

प्रसेनजीतनं भिंतीवरची व्याजदरांची पाटी वाचायला घेतली.

"आतापर्यंत भरलेले एकूण बारा लाख नऊ हजार," दीप्ती पुढं सांगत होती. "त्यातलं व्याज दहा लाख. मुदल कमी झालं दोन लाख सहा हजार."

"तीस लाखांतलं दोन लाख," संघप्रिया म्हणाली. "म्हणजे एवढ्या वर्षांत घरातलं बाथरूम तेवढं आपलं झालं."

"गिझर सोडून," दीप्ती म्हणाली आणि लगेच गंभीर झाली, कारण ती बँकेत होती.

"आणि असंच चालू ठिवलं तर?"

"तीनशे दहा हप्ते म्हणजे आणखी बहात्तर लाख. भरलेले धरून चौऱ्याऐंशी."

"तीसाचं चौऱ्याऐंशी. आणि कधी फिटंल?"

"पंचवीस वर्षं दहा महिन्यांनी."

भाऊसो मुलाकडं वळले. "आज किती वय रे तुझं?"

"बेचाळीस."

"म्हंजे माझ्या वयाचा हुशील तवा. अडुसष्ट. आणि पेन्शनीतनं हप्ता भरशील."

"आम्हाला जुनी पेन्शन नाही, आबा," प्रसेनजीत पाटीकडं बघतच म्हणाला.

मग प्रसेनजीत एकदम दीप्तीवर घसरला. "पण हे सांगायला नको का माणसाला?"

दीप्तीनं खात्याच्या फाईलमधून एक कागद काढून टेबलावर ठेवला. फॉर्म होता. दोन चौकोन. दुसऱ्यावर टिक, आणि खाली शिक्षकाची असते तशी सुवाच्य सही. 'हप्ता तेवढाच ठेवावा' या ओळीच्या शेवटी, त्याच मापाच्या अक्षरात, 'व मुदत वाढवावी' असं होतं.

"सर," ती हळू आवाजात म्हणाली, "हे तर तुम्हीच शिकवलं होतंत. व्याज लाल खडूनं, मुदल पिवळ्या. परीक्षेलाही होतं."

"किती मार्क मिळालते तुला?" भाऊसोंनी कुतूहलानं विचारलं.

"पैकीच्या पैकी."

"मग मास्तर चांगला हाय," भाऊसो म्हणाले. "कारागीर वाईट."

आता ते कापडावर वाकले. हिशेबानं कापडाला खाली आणखी दहा ओळी आणि शिवाय दोन चौकोन जोडावे लागणार होते. कापड अर्धा मीटर कमी पडत होतं. दुसऱ्या कुणी कपाळाला हात लावला असता. भाऊसोंना मात्र यंत्र आता उघडं दिसत होतं, आणि उघड्या यंत्रापुढं ते गप्प बसू शकत नसत.

"पोरी, दाता बसवायचा झाला तर? समज, मधीच एक लाख टाकलं. फी किती घेता?"

"काही नाही. बदलत्या दराच्या घरकर्जाला आधी भरल्याबद्दल फी नाही."

"फुकट?" भाऊसोंनी संशयानं आजूबाजूला बघितलं. "बरं. टाक एक लाख आणि बघ काय हुतंय."

दीप्तीनं आकडा घातला. "तीनशे दहाचे दोनशे बहात्तर होतात. अडतीस हप्ते कमी."

"एका लाखाला?" प्रसेनजीत पाटीवरून परत आला. "एका लाखात चार हप्ते बसतात फक्त!"

"सर, तो लाख व्याजाला न थांबता सरळ मुदलात जातो. मग पुढं कायम त्याच्यावरचं व्याज वाचतं, आणि तेही मुदलातच जातं." ती थांबली. "हाही प्रश्न होता पेपरात."

"दोन लाख टाक," भाऊसो म्हणाले.

"दोनशे त्रेचाळीस. सदुसष्ट कमी."

"पयल्या लाखाला अडतीस, दुसऱ्याला एकोणतीस." भाऊसोंनी ते कापडाच्या कोपऱ्यात लिहून घेतलं. "म्हंजे पयला लाख ज्यादा ताकदीचा. जेवढं उशिरा, तेवढी ताकद कमी. ह्ये बरं हाय." ते खूश दिसत होते. मागं रांगेत उभा असलेला एक माणूसही पुढं सरकून ऐकू लागला होता, त्यानं हळूच विचारलं, "पावणं, तीन लाखाचं बी बघता का? माझं बी हाय घर." भाऊसोंनी त्याला थांबायची खूण केली.

मग त्यांनी विचारायचं ते विचारलं.

"पोरी, उलटं करता येतंय का? मी हप्तं सांगतो, तू पैसं सांग."

"येतंय की. किती हप्ते?"

"एकशे अठ्ठ्याऐंशी. मला माझं एकशे अठ्ठ्याऐंशी परत पायजेत. घर घेतलं तवा वीस वर्सं सांगितलंती. कापड त्या मापानं फाडलंय."

दीप्तीनं बोटं चालवली. "चार लाख चोपन्न हजार."

साडेचार लाखांची तयारी होती. वर चार हजार. भाऊसोंनी खिशातला फोन काढून तानूबाईला लावला आणि थोडक्यात परिस्थिती सांगितली. फोन कानापासून वीतभर लांब धरूनही सगळ्यांना ऐकू आलं.

"माझ्या गुडघ्यातनं चार हजार कापलं व्हय?"

"कापलं न्हाय. हलवलं."

"प्रसन्याला म्हणावं, चार हजाराचं पाय चेपायला ये दर रैवारी." तिनं फोन ठेवला. म्हणजे मंजुरी मिळाली.

प्रसेनजीतनं वडिलांच्या चेकबुकवर हात ठेवला. आता त्याच्या आवाजात मास्तरकी नव्हती. "आबा, नको. चूक माझी आहे. तुमची एक्केचाळीस वर्षं माझ्या एका टिकेच्या भरपाईला कशाला? मी बघतो काहीतरी. हप्ता वाढवतो. गाडी तर..."

"गाडी तर?" संघप्रियानं विचारलं.

"नाहीच घेणार."

"मोबाईलवरचा फोटो आधी काढ."

भाऊसोंनी त्याचा हात बाजूला केला. "लेका, तुझ्यासाठी न्हाय देत. घर देण्यात आपली काय मोठी गोष्ट? बँक देती की. पर एक्केचाळीस वर्सं मी दुसऱ्याचं माग दुरुस्त केलं. माझ्या पोराचा माग दोन वर्सं रिकामा बडवत बसलाय आणि मी त्येला निळा रंग मारत बसलो. ही जॉबरची लाज हाय." ते थांबले. "आणि एक लाख शेहेचाळीस ऱ्हात्यात की. गुडघा हुतोय त्येच्यात. एक तरी."

"दोन्ही करायचे आहेत, मामा," संघप्रिया म्हणाली. "वरचं आम्ही बघू."

दीप्तीनं फॉर्म पुढं केला. त्यावर पुन्हा दोन चौकोन होते. 'हप्ता कमी करावा, मुदत तीच ठेवावी' आणि 'हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी.' प्रसेनजीतनं सवयीनं पेन उचललं. संघप्रियानं ते त्याच्या हातातून काढून घेतलं, दोन्ही ओळी शेवटच्या शब्दापर्यंत वाचल्या, दीप्तीला मोठ्यानं वाचायला लावल्या, आणि मग खालच्या चौकोनावर टिक करून कागद सहीपुरता नवऱ्याकडं सरकवला.

भाऊसोंनी चेक लिहिला. अक्षरी लिहिताना 'चोपन्न' इथं पेन थोडं थांबलं. चौथा माग चोपन्न हजारांना गेला होता; त्याचा आवाज सगळ्यांत चांगला होता. मग त्यांनी 'हजार फक्त' लिहून त्याखाली दोन रेघा मारल्या.

"पुन्यांदा दर वाढला तर?"

"मग आकडा पुन्हा बदलेल, काका. तीन महिन्यांनी एकदा येऊन जा. मी बघून सांगीन."

"यीन की. तेल द्यावंच लागतंय."

रांगेतल्या माणसाला त्यांनी आपली खुर्ची दिली आणि जाता जाता बजावलं, "पावणं, आधी ऱ्हायल्यालं किती ते इचारा. भरल्यालं सगळ्यांचं बरोबरच असतंय."

घरी परतल्यावर संघप्रिया पाळीवर गेली. प्रसेनजीतनं मोबाईलवर बुद्धाचा फोटो परत लावला आणि चहा टाकला. तो बाहेर आला तेव्हा भाऊसोंनी हॉलच्या भिंतीवर, टीव्हीच्या वर, कापड खिळ्यांनी ठोकलं होतं. आता ते इथंच राहणार होतं. ज्याचा माग त्याच्या नजरेसमोर बरा, असं त्यांचं म्हणणं होतं. निळी पेन्सिल त्यांनी दोरीनं बांधून खाली सोडली होती.

"आबा," प्रसेनजीत कपबशी हातात घेऊन म्हणाला, "एकशे बावीस हप्ते उडवलेत तुम्ही आज. अठ्ठावीस लाख रुपये. माझ्या निवृत्तीच्या वयापर्यंत कर्ज खलास. एवढा मोठा फरक पडला."

"व्हय," भाऊसो म्हणाले. ते चष्मा लावून कापडासमोर उभे होते आणि खात्री करून घेण्यासाठी पेन्सिलीच्या टोकानं एकेक चौकोन मोजत होते. प्रसेनजीत चहा थंड होईपर्यंत थांबला.

भरलेले बावन्न. रिकामे एकशे अठ्ठ्याऐंशी. सकाळी इचलकरंजीत एस.टी.त बसताना होते तेवढेच.